साम्राज्य, धर्म आणि विदर्भाचे रान : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

जंगल, गायरान, तलाव, वाघ आणि गुरे यांवरून विदर्भातल्या गावांत जे वाद चालतात, त्यांत इतिहासाचे आणि धर्माचे दाखले सर्रास दिले जातात. ग्रामसभेत, वर्गात आणि बाजाराच्या दिवशी पुन्हापुन्हा निघणारे प्रश्न येथे घेतले आहेत.

इंग्रज जाऊन पाऊणशे वर्षे होऊन गेली. आजच्या भांडणांशी त्यांचा संबंध कशाला जोडायचा?

ज्या कायद्याच्या आधारे आज वनरक्षक एखाद्या बाईच्या डोक्यावरची मोळी उतरवून घेतो, तो भारतीय वन अधिनियम १९२७ सालचा आहे आणि त्याची बांधणी बहुतांशी १८७८ च्या कायद्यातून आलेली आहे. गावोगावच्या कोंडवाड्यामागेही १८७१ चा कायदा उभा आहे. वऱ्हाड प्रांत १८५३ साली कर्जापोटी निजामाकडून कंपनीच्या ताब्यात गेला, पुढच्याच वर्षी नागपूरचे भोसल्यांचे राज्य खालसा झाले, १८६१ मध्ये मध्य प्रांत बनला आणि १८६४ मध्ये वनखाते स्थापन झाले. दहा-बारा वर्षांच्या आत इथल्या रानाची मालकी गावकऱ्यांच्या डोळ्यांदेखत पालटली. किती झाडे तुटली हा हिशेब महत्त्वाचा आहेच, पण माझ्या मते साम्राज्याने मागे ठेवलेली सर्वांत टिकाऊ गोष्ट वेगळी आहे : कोणती जमीन जंगल आणि ते जंगल कोणाचे, हे गावाला न विचारता कागदावर ठरवण्याचा अधिकार. पुढच्या बहुतेक उत्तरांत हाच अधिकार पुन्हा भेटेल.

इंग्रजांनी जंगल तोडले की राखले?

दोन्ही कामे एकाच राजवटीने केली. रुळांखालच्या स्लीपरांसाठी आणि इमारतींसाठी लाकूड लागत होते, म्हणून ते तोडले गेले. आणि ते पुढेही मिळत राहावे म्हणून जंगल राखले गेले. मात्र राखण्यामागे लाकडाचा हिशेब एवढेच कारण होते असे म्हणणे अन्यायाचे होईल.

झाडे तुटली की पाऊस हटतो आणि ओढे आटतात, हे आज शाळेतले मूलही सांगते. या विचाराची आधुनिक मांडणी वसाहतींच्या बेटांवर झाली. मॉरिशसवर जंगल साफ होऊ लागल्यावर फ्रेंच प्रशासक पिएर प्वाव्र यांनी १७६९ च्या सुमारास वृक्षरक्षणाचे नियम केले. हिंदुस्थानात हा विचार कंपनीच्या डॉक्टरांनी रुजवला. मद्रासकडे एडवर्ड बाल्फोर आणि ह्यू क्लेगहॉर्न यांनी तो मांडला. मुंबई इलाख्यात अलेक्झांडर गिब्सन यांनी मांडला. हे गृहस्थ पुण्याजवळच्या दापोडीच्या वनस्पती उद्यानाचे प्रमुख होते आणि १८४७ साली इलाख्याचे वनसंरक्षक झाले. दुष्काळ आणि रोगराई यांचा झाडांशी असलेला संबंध ही माणसे मनापासून शोधत होती. परंतु उपाय म्हणून त्यांनी सरकारी ताबा सुचवला आणि फिरती शेती करणाऱ्याला व गुराख्याला दोषी धरले.

१८७८ च्या कायद्याआधी सरकारातच मोठा वाद झाला होता. गावकऱ्यांचा जंगलातला वापर हा हक्क नसून सरकारने दिलेली सवलत आहे, असा वनखात्यातले इंग्रज अधिकारी बी. एच. बेडन-पॉवेल यांचा आग्रह होता. वनखात्याचे पहिले महानिरीक्षक, जर्मन वनशास्त्रज्ञ डीट्रिश ब्रँडिस हे गावांसाठी वेगळी ग्रामवने राखावीत या मताचे होते, आणि मद्रास सरकारने तर लोकांच्या हक्कांच्या बाजूने उघड हरकत घेतली होती. सरशी बेडन-पॉवेल यांच्या बाजूची झाली. राखीव वन, संरक्षित वन आणि ग्रामवन असे तीन प्रकार कायद्यात आले, पण तिसरा प्रकार जवळपास कागदावरच राहिला. ब्रँडिस यांचे म्हणणे तेव्हा मान्य झाले असते, तर गडचिरोलीच्या गावांना जंगलावरच्या हक्कासाठी पुढची सव्वाशे वर्षे वाट पाहावी लागली नसती, असे मला प्रामाणिकपणे वाटते.

निस्तार म्हणजे नेमके काय, आणि तो गेला कुठे?

रोजच्या गरजा भागवण्यासाठी गावाने रान वापरण्याचा वहिवाटीचा हक्क म्हणजे निस्तार. पूर्व विदर्भात मालगुजारी, म्हणजे गावाचा सारा भरणाऱ्या जमीनदाराची पद्धत होती आणि तिथल्या जमीन-महसुलाच्या बंदोबस्तात गावाच्या चालीरीती वाजिब-उल-अर्ज नावाच्या कागदात नोंदवल्या जात. पुढे निस्तारपत्रके तयार झाली. अशा पत्रकात जमिनीच्या क्रमांकापुढे ती कशासाठी आहे हे लिहिलेले असते : गुरे चारणे, गोठाण, मढे जाळणे वा पुरणे, मुरूम-माती काढणे, खातकुडा टाकणे, जळतण आणि गवत आणणे. गावाचा अख्खा संसार त्या दोन-चार पानांत मावलेला असतो.

१९५० च्या मध्य प्रदेशातील कायद्याने मालगुजारी संपली आणि मालगुजारांच्या ताब्यातले रान सरकारजमा झाले. जमीनदारी जाणे न्यायाचेच होते. पण रान गावाकडे न येता सरकारकडे आणि तिथून मोठ्या प्रमाणात वनखात्याकडे गेले, त्यामुळे लेखी निस्तार असूनही तो बजावणे कठीण होत गेले. बांबूचे उदाहरण घ्या. ज्या रानात गावकऱ्याला घराच्या कुडासाठी चार बांबू आणताना धाक वाटे, त्याच रानातला बांबू कराराने कागद गिरणीला जात असे.

वऱ्हाडच्या कापसाचा या विषयाशी काय संबंध?

१८६१ ते १८६५ या काळात अमेरिकेत यादवी युद्ध पेटले, लँकेशायरच्या गिरण्यांना कापूस मिळेना आणि वऱ्हाडची काळी जमीन एकाएकी साम्राज्याच्या डोळ्यांत भरली. आगगाडी १८६७ मध्ये नागपूरला पोचली; खामगावच्या कापूसबाजारासाठी खास फाटा काढण्यात आला आणि १८७० मध्ये व्हाइसरॉय लॉर्ड मेयो स्वतः त्याच्या उद्घाटनाला आले. कापसाखाली गवताळ पडीक जमीन गेली, गुरांची कुरणे आक्रसली आणि धान्याची जागा नगदी पिकाने घेतली. १८९६-९७ आणि १८९९-१९०० च्या दुष्काळांत माणसे मेली, ती आगगाडी असलेल्या मुलखात मेली. बाजाराच्या भावावर पोट अवलंबून असणे ही यवतमाळ-अमरावतीच्या शेतकऱ्याची आजची कोंडी बीटी बियाण्यापासून सुरू झाली असे मानणारे बरेच आहेत. बीटी २००२ चे आहे. कोंडी त्याहून सव्वाशे वर्षे जुनी आहे.

मामा तलावांची दुर्दशा कशाने झाली?

भंडारा, गोंदिया, चंद्रपूर आणि गडचिरोली जिल्ह्यांतले हे तलाव मुख्यतः कोहळी समाजाच्या कौशल्यातून, गोंड राजांच्या आश्रयाने उभे राहिले. मातीची पाळ, कडेचा सांडवा, खाली धानाच्या बांध्यांकडे जाणारा पाट आणि पाळीवर गावदेवाचे ठाणे, अशी त्यांची साधी रचना असते. गाळ काढणे, पाळ दुरुस्त करणे आणि पाण्याची पाळी ठरवणे ही कामे गावातच होत. मालगुजारी गेल्यावर तलाव सरकारचे झाले, नाव मात्र माजी मालगुजारी, म्हणजे मामा तलाव, असे राहिले. मालकी सरकारची आणि गाळ कोणाचाच नाही, अशी स्थिती पुढे अनेक गावांत आली.

निसर्गाच्या नाशाचे मूळ ख्रिस्ती धर्मात आहे, हे खरे का?

हे मत अमेरिकी इतिहासकार लिन व्हाइट यांनी १९६७ साली एका गाजलेल्या निबंधात मांडले. बायबलच्या पहिल्याच अध्यायात देव माणसाला पृथ्वीवर आणि प्राणिमात्रांवर सत्ता देतो, आणि पश्चिमेच्या विज्ञान-तंत्रज्ञानाने निसर्गाकडे पाहण्याची रीत यातूनच घेतली, असा त्यांचा युक्तिवाद होता. आपल्याकडे तो अर्धाच सांगितला जातो. त्याच निबंधात व्हाइट यांनी संत फ्रान्सिस यांना पर्यावरणाचा आदर्श मानावे असे सुचवले होते, आणि १९७९ मध्ये पोप जॉन पॉल दुसरे यांनी तशी घोषणाही केली.

विदर्भापुरते पाहायचे तर दोन माणसे आठवावीत. स्टीफन हिस्लॉप हे स्कॉटिश मिशनरी १८४५ साली नागपुरात आले. सृष्टी ही देवाची रचना म्हणून ते इथले खडक आणि जीवाश्म तपासत, आणि गोंडांची भाषा व कथा टिपून ठेवत. १८६३ मध्ये त्यांचा मृत्यू झाल्यावर ती टिपणे रिचर्ड टेंपल यांनी १८६६ साली प्रसिद्ध केली. भूगर्भशास्त्राने पुढे याच मुलखावरून खडकांच्या एका मोठ्या मालिकेला गोंडवन हे नाव दिले आणि ते जगभर गेले. त्या खडकांतला कोळसा १८७० च्या दशकात वरोऱ्याच्या खाणीतून निघू लागला. श्रद्धा, शास्त्र आणि साम्राज्याचा लाभ यांची गुंतागुंत इथे स्पष्ट दिसते.

दुसरे जे. सी. कुमारप्पा. गांधीजींनी १९३४ मध्ये वर्ध्याला ग्रामोद्योग संघ सुरू केला, त्याची धुरा मगनवाडीत राहून कुमारप्पांनी वाहिली. ते श्रद्धावान ख्रिस्ती होते. कोळसा आणि खनिज तेल यांसारख्या साठ्यावर जगणारी अर्थव्यवस्था नाशवंत असते आणि तिच्यासाठी युद्धे होतात, तर ऊन, पाणी, शेण, श्रम अशा पुन्हा येणाऱ्या साधनांवर चालणारी टिकते, हे त्यांनी १९४० च्या दशकातच लिहून ठेवले. साम्राज्याच्या अर्थकारणावर इतकी मुळापासूनची टीका बायबल मानणाऱ्या माणसाने वर्ध्यात बसून केली, हे लक्षात घेतले तर एका धर्माला सरसकट आरोपीच्या पिंजऱ्यात उभे करता येत नाही.

मग हिंदू धर्म मुळातच निसर्गपूजक आहे, हे तरी खरे ना?

तेही सरसकट खरे नाही. प्राणिमात्रांविषयीची करुणा या मातीत नक्कीच आहे. शिकाऱ्यांपासून पळत आलेल्या सशाला चक्रधरस्वामींनी आपल्या आसनाशी अभय दिले, ही महानुभावांची आठवण रिद्धपूरच्या परिसरात आजही सांगितली जाते. पण पाण्याला पवित्र मानणाऱ्या याच समाजाने माणसांना तळ्याला शिवू दिले नाही. २० मार्च १९२७ रोजी महाडच्या चवदार तळ्याचे पाणी पिऊन डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी जो प्रश्न उभा केला, त्याला वगळून पाण्याचा किंवा निसर्गाचा कोणताही विचार मला पुरा वाटत नाही. १९५६ साली दीक्षाभूमीवर धम्म स्वीकारणाऱ्यांत विदर्भातले भूमिहीन शेतमजूर फार मोठ्या संख्येने होते, आणि दादासाहेब गायकवाडांच्या १९५९ व १९६४-६५ च्या भूमी सत्याग्रहांत पडीक सरकारी जमीन कसायला मिळावी ही मागणी होती. त्या कुटुंबांना आता पर्यावरणाच्या नावाने अतिक्रमक ठरवले जाते, तेव्हा जुनी विषमता नव्या शब्दांत परत येते.

गोवंशाचा प्रश्नही इथलाच. महाराष्ट्रात २०१५ पासून बैल व वळू यांच्या कत्तलीलाही बंदी आहे आणि सप्टेंबर २०२४ मध्ये देशी गायीला राज्यमातेचा दर्जा देण्यात आला. देशी गुरांचे शेण आणि कष्ट यांवर कोरडवाहू शेती उभी आहे, हा युक्तिवाद खोटा नाही. परंतु म्हातारा बैल विकून नवा घेणे ज्याला आता जमत नाही आणि ज्याचे गायरानही गेले, त्या शेतकऱ्याने भाकड जनावर कशावर पोसायचे, याचे उत्तर पूजेच्या भाषेत मिळत नाही.

गोंड, माडिया, कोरकू यांचा धर्म म्हणजेच निसर्गरक्षण, असे म्हणता येईल का?

कुळाशी जोडलेली झाडे-प्राणी, पेनांची, म्हणजे गोंडी देवांची ठाणी, नवे फळ देवाला दाखवल्याशिवाय न खाण्याची रीत, या सगळ्यांतून रानाच्या वापराला मर्यादा पडत होती. तरीही आदिवासींना निसर्गाची निरागस लेकरे म्हणणे ही त्यांना माणूस म्हणून कमी लेखण्याचीच रीत आहे, आणि ती इंग्रजी अमलातल्या लिखाणात भरपूर सापडते. देवाचे ठाणे टिकते ते तिथल्या जमिनीवर गावाचा शब्द चालतो तोवर. एटापल्ली तालुक्यात सुरजागडच्या डोंगरावर ठाकूरदेवाचे ठाणे आहे आणि त्याच डोंगरातून आज लोहखनिज निघते. उलट ओडिशातल्या नियमगिरीच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने एप्रिल २०१३ मध्ये डोंगरावरच्या धार्मिक हक्कांचा निर्णय ग्रामसभांकडे सोपवला आणि बाराही ग्रामसभांनी खाणीला नकार दिला. श्रद्धा दोन्हीकडे होती. नियमगिरीला तिच्यासोबत निर्णयाचा अधिकार मिळाला.

जनगणनेतले राजकारणही इथूनच निघते. इंग्रजी अमलात आदिवासींचे धर्म वेगळे मोजले जात, स्वातंत्र्यानंतर तो रकाना राहिला नाही. गोंडी धर्माची वेगळी नोंद व्हावी ही मागणी म्हणूनच जंगलाच्या मागणीपासून तोडता येत नाही.

मोहाच्या झाडाचे एवढे महत्त्व का?

मोहाची फुले उन्हाळ्याच्या तोंडावर रात्री गळतात. बाया पहाटे टोपल्या घेऊन जातात, त्याआधी झाडाखालचा पालापाचोळा पेटवून जागा साफ केलेली असते आणि त्यातून वणव्यांचा वादही निघतो. वेचलेली फुले अंगणात वाळतात. ती खाल्ली जातात, विकली जातात आणि त्यांची दारू देवाला चढते. इंग्रजी अमलात आबकारी खात्याने घरची भट्टी गुन्हा ठरवली आणि ठेकेदाराची भट्टी महसुलाचे साधन बनवली. स्वातंत्र्यानंतर वर्ध्यात १९७५, गडचिरोलीत १९९३ आणि चंद्रपुरात २०१५ साली दारूबंदी आली. चंद्रपूरची २०२१ मध्ये उठली. बंदीमागे घरात मार खाणाऱ्या स्त्रियांचा खरा आक्रोश होता आणि मी त्याला कमी लेखणार नाही. तरीही ज्यांच्या पूजेत मोह आहे त्यांना विचारून नियम झाले नाहीत, हेही तितकेच खरे आहे.

जंगल सत्याग्रहात विदर्भाचा वाटा काय होता?

मिठागरे दूर असल्याने इथे गवत हेच मीठ झाले. १० जुलै १९३० रोजी लोकनायक बापूजी अणे यांनी पुसदला राखीव जंगलातले गवत कापून कायदा मोडला. त्याच महिन्यात यवतमाळजवळ डॉ. हेडगेवारांनी सत्याग्रह केला आणि त्यांना अकोल्याच्या तुरुंगात ठेवण्यात आले. पुढे ज्यांच्या वाटा पूर्णपणे वेगळ्या झाल्या, अशा राजकीय प्रवाहांतली माणसे त्या वेळी एकाच गवतासाठी विळा घेऊन उभी होती. स्वराज्य आल्यावर मात्र तो वन कायदा तसाच चालू राहिला.

वाघ वाचवायचा की माणूस?

हा प्रश्न असा मांडला की उत्तर चुकतेच. एकोणिसाव्या शतकात सरकार वाघ मारणाऱ्याला बक्षीस देत होते, मग शिकार हा साहेबांचा आणि संस्थानिकांचा मान झाला, आणि वाघ संपत आल्यावर रक्षणाची जबाबदारी रानात राहणाऱ्यावर आली. माणसे हलवून राष्ट्रीय उद्यान करण्याची कल्पना अमेरिकेतल्या १८७२ च्या यलोस्टोनपर्यंत मागे जाते, जिथून मूळ रहिवाशांना बाहेर काढण्यात आले होते. ताडोबा १९५५ मध्ये राष्ट्रीय उद्यान झाले. मेळघाट १९७३ च्या व्याघ्र प्रकल्पातल्या पहिल्या नऊ क्षेत्रांपैकी एक आहे. ताडोबाचे नाव तारू या गोंड पुरुषावरून आल्याचे सांगतात. वाघाशी लढताना तो मेला आणि तलावाकाठी देव झाला. त्या देवाच्या रानातून नवेगाव, जामणी यांसारखी गावे उठली, आणि मेळघाटातली बोरी, कोहा, कुंड ही गावे अकोटकडे नेण्यात आली.

वाघ राखलाच पाहिजे, याविषयी माझ्या मनात शंका नाही. पण तेंदूपत्ता तोडायला वाकलेली बाई वाघाच्या हल्ल्यात जाते आणि सफारीचा पैसा दुसरीकडे जातो, तिथे रक्षणाची किंमत कोण मोजतो हे विचारावेच लागेल. रानात राहणाऱ्यांचे हक्क मान्य करणाऱ्या २००६ च्या वनहक्क कायद्यात गाव हलवण्याआधी ग्रामसभेची स्वखुशीची, माहितीपूर्ण संमती आवश्यक आहे.

मेंढा (लेखा) गावाने वेगळे काय केले?

धानोरा तालुक्यातल्या या गोंड गावाला २००९ मध्ये सुमारे १,८०० हेक्टर जंगलावर सामूहिक वनहक्क मिळाला. देशात असा हक्क मिळवणाऱ्या पहिल्या गावांत ते आहे. तरीही बांबू विकायला वाहतुकीचा परवाना लागे आणि तो वनखात्याकडेच असे. एप्रिल २०११ मध्ये तेव्हाचे केंद्रीय पर्यावरणमंत्री जयराम रमेश गावात आले आणि परवान्यांचे पुस्तक ग्रामसभेच्या हाती देण्यात आले. एक साधे पावतीपुस्तक, पण बेडन-पॉवेल यांनी सवलत ठरवलेली गोष्ट त्याने हक्क म्हणून परत केली. दिल्ली-मुंबईत आमचे सरकार, आमच्या गावात आम्हीच सरकार, ही या गावाची घोषणा महाराष्ट्रभर पोचली आहे. चंद्रपूर जिल्ह्यातल्या पाचगावनेही याच वाटेने बांबूचा कारभार आपल्या हाती घेतला.

झुडपी जंगल आणि ई-क्लास जमिनीचा घोळ काय आहे?

पूर्व विदर्भातल्या सहा जिल्ह्यांत सुमारे ८६ हजार हेक्टर जमीन झुडपी जंगल म्हणून महसुली दप्तरात आहे. तिच्यावर चराई होती, पुढे शाळा, घरे, स्मशाने, दवाखानेही झाले. २२ मे २०२५ रोजी सर्वोच्च न्यायालयाने ही जमीन वनच असल्याचा निकाल दिला आणि १२ डिसेंबर १९९६ पूर्वीच्या वाटपांसाठी केंद्राच्या मंजुरीची वाट ठेवली. पश्चिम विदर्भात गायरानाला लोक ई-क्लास म्हणतात, तीही जुन्या महसुली वर्गवारीचीच खूण. शंभर वर्षांपूर्वीच्या कारकुनाने कोणत्या रकान्यात काय लिहिले, यावर आज घर राहणार की जाणार हे ठरते.

आपल्या गावाचे पुरावे कुठे शोधावेत?

तहसील कार्यालयाच्या अभिलेख कक्षात निस्तारपत्रक, वाजिब-उल-अर्ज आणि जुन्या बंदोबस्ताच्या मिसली मिळू शकतात. नकाशे तालुक्याच्या भूमी अभिलेख कार्यालयात असतात. जंगल राखीव केल्याच्या अधिसूचना आणि कार्य आयोजना (जंगलाच्या व्यवस्थापनाचे आराखडे) वनविभागाकडे मागाव्यात, आणि तोंडी टाळाटाळ झाल्यास माहितीच्या अधिकारात लेखी अर्ज द्यावा. कागद सापडला नाही म्हणून दावा सोडू नये. वनहक्क नियमांत गावातल्या वडीलधाऱ्यांचा लेखी जबाब पुरावा म्हणून चालतो, आणि पवित्र झाडे, देवराया, तळी, स्मशान व दफनभूमी यांच्या खुणाही सामूहिक हक्काचा पुरावा म्हणून धरल्या जातात. त्या जागांवर वनहक्क समितीने पंचनामा करावा, ठाण्याचे नाव, दिशा, जवळचा नाला आणि जंगलाचा कक्ष क्रमांक लिहावा, आणि तो ग्रामसभेच्या ठरावासह उपविभागीय समितीकडे पोचवून पोच घ्यावी.